तात्यांच्या मागचा माणूस

टीव्हीवर कोणी पुढारी बोलायला लागला की मी त्याच्याकडं बघत नाही. त्याच्या मागं कोण उभं आहे ते बघतो. सूनबाई म्हणतात, "मामंजी, ते काय सांगतायत ते तरी ऐका." ऐकतो मी, पण डोळे मागंच जातात. ही खोड मला भोर आणि वेल्ह्याच्या मुलखात लागली, नोकरीत असताना. दिवाळी अंकाच्या संपादकांनी "तुमच्या सिनेमाच्या गाडीचं काही लिहा" म्हटलं तेव्हा पहिल्यांदा तेच आठवलं. शाळा माझी पाचवीत सुटली. वाक्यं मागंपुढं झाली तर सांभाळून घ्यावं.

मी सरकारी प्रचारगाडीवर ऑपरेटर होतो. लोक आपरेटर म्हणायचे, आणि बारा वर्षांत मला दुसऱ्या नावानं फारशी हाक कोणी मारली नाही. माझं गाव राजापूरच्या खाली, खाडीकाठी. वडील गेले, शाळा सुटली, पुण्याला मामांनी या गाडीवर जनरेटर उचलायच्या कामाला लावलं. संस्थान नुकतंच विलीन झालं होतं आणि भोरात नवी कचेरी, नवे साहेब, नवी गाडी असं सगळंच नवं होतं. माझं बोलणं ऐकून लोक हसायचे. "ह्यो मासं खाऊन बोलतोय," म्हणायचे. मीही हसायचो. घरापासून इतक्या लांब राहणाऱ्यानं रागावून कसं चालेल?

काम काय ते सांगतो. दिवस मावळला की दोन झाडांच्या मध्ये पांढरा पडदा बांधायचा. जनरेटर लांब ठेवायचा, नाहीतर त्याच्या आवाजात काही ऐकू येत नाही. मग गाडीच्या मागच्या फळीवर मशीन. आम्ही दाखवायचो ते माहितीपट: कंपोस्ट खत, गुरांना लस टोचणं, श्रमदान. फिल्ममधली भाषा हिंदी, आणि तीही रेडिओवरची. बायाबापड्यांना काय कळणार? म्हणून मी आवाज बारीक करायचो आणि माइक हातात घेऊन मराठीत सांगायचो. पडद्यावरचा डॉक्टर मीच, शेतकरी मीच, आणि मंत्रीही मीच. लोक पडद्याच्या दोन्ही बाजूंना बसायचे. बाया बहुतेक पलीकडच्या अंगाला. तिकडून चित्र उलटं दिसतं, उजवा हात डावा होतो. पण तिकडं गर्दी कमी, म्हणून त्यांना तीच बाजू आवडायची.

आमच्या पेटीत तीन फिल्म अशा होत्या की ज्यांत तात्या दिसायचे.

तात्यांचं आडनाव मी लिहीत नाही, घरचे लोक आहेत. संस्थान होतं तेव्हा ते प्रजेच्या बाजूनं निवडून आलेले, विलीनीकरणानंतरही निवडून आले, आणि मग एका निवडणुकीत पडले ते पडलेच. पहिली फिल्म विलीनीकरणाच्या समारंभाची. तीत तात्या दुसऱ्या रांगेत, हार घालताना फेटा कानावर येतो. दुसरी गुरांना टोचण्याची. तीत त्यांनी बैलाचा कासरा धरलाय आणि बैल त्यांना चार पावलं ओढत नेतो. ते सत्तेवर होते तोवर बैलाला लोक हसायचे. पडल्यावर तात्यांना हसायला लागले. चित्र तेच होतं. तिसरी रस्त्याची, तिच्याबद्दलच लिहायचंय.

त्याआधी माझ्यावरचा उपकार सांगायला हवा. पुढं ऑपरेटरची जागा कायम व्हायची वेळ आली आणि कागदावर अट निघाली, उमेदवार फायनल पास हवा. फायनल म्हणजे तेव्हाची सातवी. मी गाशा गुंडाळायच्या तयारीत होतो. कचेरीत तात्या दुसऱ्याच कामाला आले होते. साहेबांनी त्यांना माझी अडचण सहज सांगितली. तात्या म्हणाले, "साहेब, तुमाला मशीन चालवायचंय का फायनल चालवायचीय?" साहेब हसले, वर लिहून पाठवलं आणि माझं काम झालं. तात्यांनी तो विषय पुन्हा कधी काढला नाही. ते समोर दिसले की मला मात्र वाटायचं, आज काढणार. उपकार करणाऱ्यानं एकदा बोलून दाखवलं की बरं असतं, माणूस मोकळा होतो.

तर ती रस्त्याची फिल्म. विंझरहून डोंगरावर मरगळ्यांची वस्ती आहे, दहाबारा घरं, गुरंशेरडं राखणारी माणसं. तिथवर श्रमदानानं रस्ता करायचा, असा तो विषय. तात्या पहिली कुदळ मारतात. मग वस्तीचा एक म्हातारा पाटीभर मुरूम उचलून तात्यांच्या मागं येऊन उभा राहतो. तात्या कॅमेऱ्याकडं बघून म्हणतात, रस्ता वस्तीपर्यंत पोचला. आणि लगेच पुढच्या चित्रात छान सपाट रस्त्यावरून मोटार पळते. मी हे शंभरदा तरी दाखवलं असेल. तात्यांच्या वाटचं वाक्य मी माइकवर बोलायचो, "मंडळी, रस्ता वस्तीपर्यंत पोचला." तात्यांसारखं जड आवाजात. लोक माझी तारीफ करायचे.

एकदा कापूरहोळला ही फिल्म लावली. मोटार पडद्यावर आली आणि पुढच्या रांगेतून एकजण ओरडला, "आरं, ही तर आपल्या वढ्यावरची मोरी!" दुसरा म्हणाला, "आन ते वडाचं झाड बग, खाली पंक्चरवाल्याची टपरी." सगळी गर्दी हसायला लागली. "तात्यांनी आपला हमरस्ता उचलून मरगळ्यांना दिला!" मी माइक बंद केला. आमचे ड्रायव्हर महादबा, सासवडचे, वयानं मोठे. ते विडी ओढत म्हणाले, "तुला ठावं न्हवतं व्हय? डोंगरावर रस्ता एक फर्लांग झालाय, फुडं पायवाटच." मी परमुलखातला. पडद्यावर दिसलं ते खरं मानून शंभरदा बोललो होतो.

त्यानंतर महिन्याभरात किकवीला कार्यक्रम होता. पडद्याच्या पलीकडं, बायांच्या मागं, एक माणूस एकटा उभा दिसला. तात्या. फिल्म संपल्यावर ते माझ्याकडं आले. मशीन तापलेलं असतं, मी झाकण उघडून वारा घालत होतो.

"त्या बाजूनं म्या डावरा दिसतो रं," तात्या म्हणाले.

"होय तात्या, तिकडून उलटं दिसतं."

"हिकडनं तरी कुठं सुलट हाय."

मी झाकण लावलं. मग त्यांनी आपणहून सांगितलं. चित्र काढायला आलेल्या साहेबांनी म्हटलं होतं, आम्ही पावसाळ्यानंतर परत येणार नाही, तेव्हा रस्ता पोचला असं आत्ताच म्हणून ठेवा, पुढं होईलच. तात्यांनाही वाटलं, होईलच. मोटारीचं चित्र त्याच साहेबांनी जाताना वाटेत काढून जोडलं. मग निवडणूक आली, तात्या पडले, काम फर्लांगावर, म्हणजे मैलाच्या आठव्या हिश्शावर, थांबलं. पण कागदावर कोणीतरी 'पूर्ण' लिहून टाकलं होतं.

"म्या चार पत्रं लिवली. उत्तर येतं, सदर काम पूर्ण झालं आहे. म्या माजी. माजीचं पत्र कोण वाचतं? तुझा अहवाल मातर वाचत्यात."

प्रत्येक कार्यक्रमानंतर मला छापील अहवाल भरावा लागायचा. गाव, गाडी उभी केल्याचं ठिकाण, प्रेक्षक किती, आणि शेवटी 'शेरा'. तात्यांना काय हवंय ते माझ्या लक्षात आलं. मशीन वस्तीवर न्यायचं, फिल्म तिथं दाखवायची, आणि शेऱ्यात लिहायचं की गाडी पोचत नाही. सरकारच्याच कागदावर.

नियम असा होता की यंत्र गाडीपासून केबल पुरेल तितकंच लांब न्यायचं, त्यापलीकडं नाही. जनरेटर दरीत पडला असता तर? मी पाचवीत शाळा सुटलेला, ती नोकरी गेली तर परत खाडीवर. गावी आई आणि दोन बहिणी.

मी म्हणालो, "तात्या, नियम आहे."

मला वाटलं, आता ते फायनलचा विषय काढणार. ते फक्त "बरं" म्हणाले आणि वळले. चार पावलं गेल्यावर थांबून म्हणाले, "त्यो माज्या मागं पाटी घिऊन उबा हाय ना, त्यो गेला. दोन पावसाळं झालं. धाकलू. आजारी पडला, झोळीत घालून खाली आणत व्हते, वाटंतच गेला." आणि एसटीच्या थांब्याकडं चालायला लागले.

त्यांनी विषय काढला असता तर मी बहुतेक गेलो नसतो. आठ दिवसांनी विंझरचा कार्यक्रम होता. मी तात्यांना निरोप पाठवला, वर येतो, पण शेरा लिहिणार नाही. तात्यांचा उलट निरोप आला, "नको लिवू. ये."

विंझरला गाडी उभी केली तेव्हा वस्तीवरची सहाजण खाली येऊन बसली होती. जनरेटर कसा न्यायचा याचा मला घोर. त्यांनी एक घोंगडं काढलं, जनरेटर त्यात घातला, गाठी मारून बांबू ओवला आणि चौघांनी खांद्यावर घेतला. किती सहज घेतला! त्यांतला एक म्हणाला, "आपरेटर, भिऊ नगा. ह्या झोळीतनं आमी माणसं नेतो. आजवर खाली नेली, वर न्यायची ही पयलीच खेप."

महादबा म्हणाले, "मी गाडी राखतो. कुणी इचारलं तर मला ठावं न्हाई." पण जाताना माझ्या हातात त्यांनी आपली काठी दिली.

तासभर चढ होता. मशीन मी कोणाला दिलं नाही, स्वतःच्या डोक्यावर घेतलं. तात्या माझ्या पुढं, धोतर खोचून. फर्लांगभर रस्ता चांगला रुंद, मग एकदम संपतो, जिथं तात्यांनी कुदळ मारली तिथंच जवळपास. तिथं ते थांबले नाहीत, खाली बघत पुढं गेले.

वस्तीवर गोठ्याच्या दोन खांबांना पडदा बांधला. जनरेटर सुरू झाला तशी गुरं बुजली, दोन म्हशी दावं तोडून पळाल्या आणि त्यांना आणीपर्यंत कार्यक्रम थांबला. माणसं होती चाळीसपन्नास, सगळी पडद्याच्या सुलट बाजूला, कारण पलीकडं उतार. तात्यांना पुढं घोंगडं टाकून दिलं होतं. त्यांच्या शेजारी एक म्हातारी बसली होती, कपाळ मोकळं. हौसाबाई, धाकलूची बायको.

मी आधी खताची फिल्म लावली, मग रस्त्याची. चढून आलो तेव्हापासून माझ्या मनात एकच होतं. ते वाक्य येईल तेव्हा मी काय बोलू? या माणसांसमोर "रस्ता वस्तीपर्यंत पोचला" म्हणायचं कोणत्या तोंडानं? आणि नाही म्हटलं तर सरकारी माइकवरून सरकारी फिल्मला खोटं पाडायचं. कुदळ पडली. पाट्या निघाल्या. तात्यांचा चेहरा पडद्यावर मोठा झाला तसा मी माइक खाली ठेवला आणि हिंदी आवाज मोठा केला. लपलो म्हणा ना.

पण तात्या उठले. सरळ पडद्यापुढं जाऊन उभे राहिले. त्यांची सावली त्यांच्याच चेहऱ्यावर पडली. हिंदीतला आवाज काहीतरी म्हणत होता, मी घाईनं तो बंद केला.

"मंडळी," तात्या म्हणाले, "ह्यो म्या हितं म्हणतोय की रस्ता झाला. खोटं हाय. झाला न्हवता. म्या म्हणून ठेवलं. तुमच्यातली माणसं त्यापायी..."

"तात्या," हौसाबाई म्हणाली.

"बोल आक्का. काय बोलायचं ते बोल."

"वाईच बाजूला व्हा. आमचा म्हातारा झाकलाय तुमी."

तात्या बाजूला झाले. तोवर चित्र पुढं गेलं होतं, कापूरहोळच्या रस्त्यावरून मोटार पळत होती. कोणी हसलं नाही. हौसाबाई माझ्याकडं वळून म्हणाली, "आपरेटर, माघारी घ्या की."

मी फिल्म उलटी गुंडाळून पुन्हा लावली. धाकलू पाटी घेऊन आला, तात्यांच्या मागं उभा राहिला, पाटी एका खांद्यावरून दुसऱ्या खांद्यावर घेतली आणि गेला. सगळं मिळून दहापर्यंत आकडे मोजून होतील इतकंच. मी शंभरदा फिल्म दाखवली आणि त्या माणसाकडं एकदाही बघितलं नव्हतं. मी तात्यांच्या ओठांकडं बघायचो, वाक्य वेळेवर यावं म्हणून.

"त्ये बगा, उजवा खांदा दुकायचा त्येचा," हौसाबाई शेजारणीला सांगत होती. "म्हणून पाटी डावीकडं घेतली." मग मला म्हणाली, "तितं जरा थांबवा त्येला."

आता हे बाहेरच्यांना ठाऊक नसतं. फिल्म मशीनमध्ये थांबवता येत नाही. दिव्याची उष्णता इतकी असते की चित्र जागीच थांबलं तर मधोमध भोक पडतं, वाफ आल्यासारखं चित्र वितळत जातं. मी तिला म्हणालो, "आजी, थांबवलं तर जळेल."

"जाळू नगा. एकदा जाळलाय."

मग मला सुचलं. मशीनला वेगाचा एक खटका असतो, बोलपटाचा वेग आणि मुक्या पटाचा वेग. मुका वेग हळू असतो. बोलपट त्या वेगावर लावायचा नसतो, आवाज रेड्यासारखा निघतो. पण आवाज तर बंदच होता. मी खटका खाली केला आणि तिसऱ्यांदा फिल्म लावली. धाकलू हळूहळू आला. हळू उभा राहिला. पाटी उचलली ती पाण्यातून उचलल्यासारखी. तात्यांचे ओठ हलत होते, आवाज नव्हता, आणि त्यांच्याकडं बघायला कोणीच नव्हतं. तात्या पडद्याच्या बाजूला खांबाला धरून उभे होते आणि तेही धाकलूकडंच बघत होते.

म्हातारी लुगड्याचा पदर तोंडावर धरून बसली. चौथ्यांदा लावू का विचारलं तर म्हणाली, "ऱ्हाऊ द्या. लई झालं." आणि मला ताकाचं गाडगं आणून दिलं.

खाली विंझरला आलो तेव्हा महादबा चुलीवर भात टाकून बसले होते. मी गाडीच्या टपाखाली कंदिलाशी अहवालाचा कागद काढला. तात्या समोरच होते, पण त्यांनी कागदाकडं बघितलं नाही. 'गाडी उभी केल्याचे ठिकाण' इथं विंझर लिहिलं. 'कार्यक्रमाचे ठिकाण' इथं पेन थांबलं. विंझर लिहिलं असतं तर झालं असतं. महादबांनी सांगितलंही, "विंझर लिव आन जेव." पण मग म्हातारीनं बघितलं ते कुठं बघितलं? मी मरगळेवस्ती लिहिलं. आणि शेऱ्यात लिहिलं, 'वस्तीस रस्ता नाही. वाहन पोचत नाही. यंत्र खांद्यावर नेले.' माझं अक्षर वाईट, पण वाचता येत होतं.

तात्यांना दाखवलं. त्यांनी चष्मा लावून वाचलं. "आई काय म्हणंल तुजी?" इतकंच म्हणाले.

तीन आठवड्यांनी मेमो आला. अपेक्षाच होती. साहेबांच्या सहीचा कागद: 'आपण नियमाविरुद्ध सरकारी यंत्रसामग्री वाहनापासून दूर, रस्ता नसलेल्या वस्तीवर, माणसांकरवी नेली. आपणांस कामावरून दूर का करू नये याचा खुलासा सात दिवसांत करावा.'

मी तो घेऊन तात्यांकडं गेलो. ते ओट्यावर बसून भुईमूग फोडत होते. त्यांनी मेमो एकदा वाचला, दोनदा वाचला, आणि हसायला लागले. मला राग आला. माझी नोकरी जात होती.

"आपरेटर, ही सही कुनाची?"

"साहेबांची."

"शिक्का?"

"कचेरीचा."

"आन लिवलंय काय? रस्ता नसलेल्या वस्तीवर." त्यांनी बोट ठेवून दाखवलं. "माज्या चार पत्रांनी जे कबूल केलं न्हाई ते तुला हाकलायच्या कागदात कबूल केलं."

मला ते सुचलंच नव्हतं. भीतीनं माणूस आपल्याच नावाचा भाग तेवढा वाचतो. तात्यांनी मेमो एका दिवसासाठी मागून घेतला, भोरात जाऊन त्याची खरी नक्कल करून आणली, आणि पाचव्या पत्राला जोडली. कचेरीचा कागद बाहेर दिला, ही माझी दुसरी चूक. ती मी आज पहिल्यांदा कबूल करतोय.

जाताना ते म्हणाले, "खुलासा म्या लिवून देतो. चांगलं भारदस्त लिवतो."

मी नको म्हणालो. त्यांच्या शब्दांत बोलायची हौस माझी फिटली होती. रात्रभर विचार करून सकाळी मी एका ओळीत लिहिलं: 'रस्ता असता तर गाडीच नेली असती. चूक कबूल आहे.'

नोकरी राहिली, बदली झाली. थेट खानदेशात. निघायच्या दिवशी तात्या एसटी थांब्यावर आले होते, हातात शेंगांचं गाठोडं. मी तेव्हा शेवटी विचारलं, "तात्या, फायनलच्या वेळी तुम्ही माझं काम केलंत. वस्तीवर यायला सांगताना ते कधी बोलला नाहीत."

"कुठलं काम?" ते म्हणाले. खरंच विसरले होते की काय, मला आजवर कळलेलं नाही.

पुढच्या उन्हाळ्यात महादबांचं कार्ड आलं. त्यांना लिहिता येत नव्हतं, विंझरच्या मास्तरांकडून लिहून घेतलं होतं. मोजणीची माणसं आली आहेत. तात्या रोज साखळीचं एक टोक धरून त्यांच्याबरोबर काट्यातून हिंडतात, चित्र काढायला कोणी आलेलं नाही. आणि खाली, मास्तरांनी जागा उरली म्हणून लिहिलं असावं: हौसाबाईनं सांगितलंय, आपरेटरला कळवा, रस्ता झाला की म्हाताऱ्याला गाडीतनं वर आणा म्हणावं, झोळीतनं नको.